ओढीचं वजन

रजनीबाई शहागडच्या शाळेत विज्ञान शिकवायच्या. मूळच्या जालन्याच्या. नवरा तिथंच बँकेत होता, म्हणून शनिवारची सकाळची शाळा करून त्या एसटीनं घरी जायच्या आणि सोमवारी पहाटे परत यायच्या. बी.एस्सी.ला त्यांचा विषय रसायनशास्त्र होता. अणूत प्रोटॉन, न्यूट्रॉन, इलेक्ट्रॉन, आणि पुढे काही नाही, हे त्यांनी अकरा-बारा वर्षं बिनदिक्कत शिकवलं होतं.

शहाण्णव साली दिवाळीच्या सुट्टीत औरंगाबादला शिक्षकांचं शिबिर झालं. तिथं एका प्राध्यापकांनी तासभर क्वार्कबद्दल सांगितलं. प्रोटॉनच्या पोटात तीन क्वार्क असतात, त्यांना एक विलक्षण जोर बांधून ठेवतो, आणि गंमत म्हणजे ते एकमेकांपासून दूर जाऊ लागले तरी तो जोर ढिला पडत नाही. एकटा क्वार्क आजवर कुणाला सापडलेला नाही. बाई अक्षरशः खुर्चीच्या टोकावर बसून ऐकत होत्या. वाक्य न् वाक्य कळत होतं. बाहेर येऊन चहा घेताना मात्र त्यांच्या लक्षात आलं की सगळं मिळून काहीच कळलेलं नाही.

तरीही डिसेंबरात अंबडला तालुक्याचं विज्ञान प्रदर्शन ठरलं, तेव्हा त्यांनी मुख्याध्यापक रामरावांना सांगून टाकलं, "आपण यंदा प्रोटॉन करू."

"करा की," रामराव म्हणाले. "फक्त दिसू द्या काहीतरी. मागल्या साली आपलं मॉडेल कुणाला दिसलंच नव्हतं."

मॉडेलसाठी बाईंनी नववीतली बेबीनंदा निवडली. मुलगी धीट होती, आवाज खणखणीत. प्लास्टिकचे तीन चेंडू आणून दोघींनी लाल, हिरवा, निळा असे रंगवले. ते बांधायला ताणलं जाणारं काहीतरी हवं होतं, म्हणून बाई हायवेवरच्या पुंजारामच्या पंक्चरच्या दुकानात गेल्या. दोन ट्रक उभे होते. पुंजारामनं हात पुसत सायकलची जुनी ट्यूब काढली.

"काय बांधायचंय बाई?"

"प्रोटॉन. म्हणजे हे तीन चेंडू एकमेकांना."

"वजन किती हाये त्याचं? त्या हिशोबानं पट्ट्या कापतो."

बाई सहज बोलून गेल्या, "चेंडूंना वजन नसल्यातच जमा. खऱ्या प्रोटॉनमध्ये तिघांचं मिळून वजन शंभरात एक हिस्सा. बाकीचे नव्याण्णव त्या बांधून ठेवण्याचे."

"मंजी रबराचं वजन?"

"रबर नसतंच तिथं. नुसती ओढ. ओढीचं वजन."

पुंजारामनं कात्री थांबवली. "ओढीला कुठं वजन असतंय बाई?" त्यानं अगदी मनापासून विचारलं होतं. प्राध्यापकांनी सांगितलेलं बाईंना शब्दशः आठवत होतं, पण दुसऱ्याला सांगायला गेलं की ते वेड्यासारखं वाटत होतं. आपण ज्या हातानं ट्यूबचं दुसरं टोक धरलंय, त्या हाताचं वजनही असं ओढीचंच, हे मनात आलं आणि त्यांनी तो हात उगाच तोलून पाहिला.

"असतं म्हणतात," त्या एवढंच बोलल्या.

"मंग कापतो बराबर," म्हणत पुंजारामनं पट्ट्या कापल्या.

अंबडला प्रदर्शनाच्या दिवशी तिथल्या शाळेच्या मोठ्या खोलीत ही गर्दी होती. शेजारच्या टेबलावर डबे जोडून केलेला गोबर गॅसचा प्लांट होता, पाणी भरलेला. परीक्षक म्हणून जालन्याच्या एका कॉलेजातले भौतिकशास्त्राचे भालचंद्र सर आले होते. पन्नाशीचे, सफारीतले, कमी बोलणारे.

बेबीनंदानं पाठ केलेलं सगळं म्हटलं. "चेंडू जवळ असले की रबर सैल राहतं. दूर ओढले की ओढ जाणवते. म्हणून क्वार्क कधीच एकटा बाहेर येऊ शकत नाही."

"ओढ बघू," सर म्हणाले.

तिनं ओढलं.

"अजून. जोरात."

बेबीनंदा सुट्टीत विहिरीचं पाणी शेंदणारी पोरगी. तिनं पाय रोवून हिसका दिला. फाडकन पट्ट्या तुटल्या, लाल चेंडू सुटला आणि थेट गोबर गॅसच्या डब्यावर आदळला. डबा कलंडला, पाणी टेबलावरून वाहू लागलं. पोरं खिदळली. बेबीनंदा हातात तुटकं रबर घेऊन पांढरीफटक उभी.

"आला की एकटा बाहेर," सर शांतपणे म्हणाले.

बाई पुढे झाल्या. "सर, खरं तर तसं होत नाही. शिबिरात सांगितलं होतं, तुटताना नवीन क्वार्क तयार होतात. पण ते कुठून येतात, हे मला कळलेलं नाही."

सरांनी पहिल्यांदाच त्यांच्याकडे नीट पाहिलं. मग बेबीनंदाच्या हातातलं रबर घेतलं. "ओढायला हिनं ताकद लावली. ती गेली कुठं? रबरात साठली. प्रोटॉनात ती एवढी साठते की तुटल्या जागी तिचेच दोन नवे गोळे होतात, दोन्ही टोकांना एकेक. म्हणजे सुटलेला लाल एकटा राहत नाही, जोडीनंच जातो. मागंही तिघंच उरतात. मॅडम, तुम्ही सांगितलंत ते बरोबर आहे. मॉडेल चूक आहे."

"मग बरोबर मॉडेल कसं करायचं?"

सरांनी तुटकी टोकं एकमेकांना जुळवून पाहिली. "तुटल्यावर ज्याला आपोआप चेंडू फुटतील असं रबर मला माहीत नाही," ते म्हणाले. "रविवारी कॉलेजात असतो मी. या."

बक्षीस अर्थातच गोबर गॅसला मिळालं.

परतीच्या एसटीत बेबीनंदा खिडकीकडे तोंड करून बसली होती. "बाई, म्या जरा हळू ओढलं असतं तर बरोबर झालं असतं का?"

"मग तर आपल्याला काहीच कळलं नसतं."

"आता कळलंय का पन?"

बाईंनी खरं ते सांगितलं. "नाही."

दुसऱ्या दिवशी रामरावांनी विचारलं, "काय म्हणाले परीक्षक?"

"सांगितलं ते बरोबर, मॉडेल चूक."

रामरावांनी पेनाला टोपण लावलं. "म्हणजे मी आता तुमचं अभिनंदन करू का समजूत काढू?" बाईंनाही ते ठरवता येईना.

रजनीबाई त्या रविवारी भालचंद्र सरांकडे गेल्या, पुढच्याही गेल्या. त्या वर्षभर जातच राहिल्या. थोडं कळायचं, घरी येईपर्यंत दुसरंच काही अडायचं. नवरा म्हणायचा, "अगं, नेमकं काय शिकतेस?" आणि त्यांना सांगता यायचं नाही. पण वर्गात अणूचा धडा आला की आता त्या शेवटी थांबून म्हणायच्या, "याच्या आतही आहे. ते मला अजून नीट कळलेलं नाही." पहिल्यांदा हे बोलताना त्या फळ्याकडेच बघत होत्या. पोरी मात्र एकदम सावरून बसल्या होत्या.

बेबीनंदा दहावीला चांगल्या मार्कांनी पास झाली आणि अकरावीला जालन्यात गेली. सायन्सला जाईल असं बाईंनी धरूनच ठेवलं होतं. एकदा स्टेशनजवळ ती भेटली, हातात कॉमर्सची पुस्तकं.

"अगं, हे काय?"

बेबीनंदा लाजली. "बाई, तिथं उत्तर एकच येतंय."

बाई हसल्या. मग रिक्षात बसल्यावर, आपण नक्की कशाला हसलो, याचा विचार करत राहिल्या.