क्रॉसिंगचं कदेल

आमच्या वाड्यावर स्टेशन होणार हे कळलं, तेव्हा आमच्या ह्यांचा, शंभूंचा, आनंद गगनात मावेना. गोवा राज्य झालं, आता रेल्वे आली, आणखी काय हवं? लगेच लेकीला, गौरवीला, त्याच रेल्वेवरच्या रत्नागिरीकडल्या खेडला देऊन मोकळे झाले. एवढ्या लांब नको, म्हटलं तर माझ्यावरच डाफरले, "बाय आमची दारात उतरतली!"

रेल्वे आली. स्टेशन मात्र कागदावरच राहिलं. एक गाडी थांबवून समोरची जाऊ द्यायला जास्तीचा रूळ टाकला, सिग्नल बसवला, झालं. ना फलाट, ना तिकीटखिडकी. पण वाड्यावरची डोकी सुपीक. मडगावची गाडी क्रॉसिंगला थांबली की माणसं बिनधास्त खडीवर उड्या मारायची. बायकांसाठी घरातून कदेल न्यायचं. कदेल म्हणजे खुर्ची. आमचं शिसवी होतं, सासऱ्यांच्या वेळचं. ते डब्याच्या दाराखाली लावून हे पाहुण्यांना उतरवून घ्यायचे. थाट असा, की स्टेशनमास्तरही ह्यांना सलाम करील.

गौरवीला दिवस राहिले. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणून सातव्या महिन्यात ती निघाली. पेडण्याच्या स्टेशनवर उतरवून घेऊ, जीपने आणू, असं मी कानीकपाळी ओरडत होते.

"त्या खड्ड्यांतसून पोटुशी पोर हाडूची? गाडी हयसर रोज थांबता."

थांबायची, हेही खरंच होतं. मी तिच्यासाठी पेज ठेवून रुळाकडे गेले.

गाडी थांबली. गौरवी दारात आली, आम्हाला बघून हसली. ह्यांनी कदेल खडीत घट्ट रोवलं. "भिया नको गो बाय, कदेल हाडलंय."

त्या दिवशी समोरची गाडी आधीच येऊन गेली होती, सिग्नल मिळताच ही सुटणार होती. आम्हाला काय कळणार? गौरवीचा एक पाय कदेलावर, एक अजून पायरीवर, आणि डबा हलला. कदेल उलटलं. ती पोटावर पडली.

गौरवी वाचली. मूल गेलं. मुलगी होती.

उठण्याजोगी झाली तशी ती परत सासरी निघाली, जीपने, त्याच खड्ड्यांतून पेडण्याला. बापाशी एक शब्द बोलली नाही. मला फक्त म्हणाली, "आई, मी आता येवचंय नाय." आणि आली नाही.

ह्यांनी कदेलाचा मोडलेला पाय बसवून घेतला. मी ते चुलीत घालणार होते, घालू दिलं नाही. अधूनमधून कोणीतरी येऊन जमीन मोजून जातं, स्टेशनची आवई उठते, आणि कदेल घेऊन हे निघतात रुळाकडे. माझा जीव जळतो. पण म्हाताऱ्याला एकटं सोडवत नाही, म्हणून मीही मागून जाते.

काल गाडी थांबली. समोरच्याच खिडकीत गौरवी होती. मडगावला कुणाकडे तरी निघाली असेल. तिने आम्हाला पाहिलं. हे लगबगीने दाराखाली कदेल लावू लागले. "बाय गो..."

तिने खिडकी खाली ओढली.

रोज घाई करणारी गाडी काल मेली कितीतरी वेळ थांबून राहिली.