दुधीवडीच्या रंगाची भिंत

रंगाच्या दुकानात गुरुनाथरावांनी स्टीलचा डबा उघडून दुधीवडी काउंटरवर ठेवली.

"हा रंग हवाय," ते इंग्रजीत म्हणाले.

काउंटरमागच्या बाईने चष्मा सावरला. "खायची वस्तू आहे ना ही?"

"हो. पण भिंतीला लावायचाय."

बाई हसली नाही. वडीचा तुकडा प्लास्टिकमध्ये गुंडाळून तिने रंग जुळवणाऱ्या यंत्राखाली धरला.

सप्टेंबरच्या वादळात अमेरिकेत, टेक्सासमधल्या शुगर लँड गावातल्या त्यांच्या घराचं छप्पर गळलं. ते मिहीरकडे, मुलाकडे गेलेले असताना कंत्राटदाराने स्वयंपाकघरातली फुगलेली भिंत उखडून नेली आणि नवी पांढरीफटक उभी केली. सात वर्षांपूर्वी त्यांच्या बायकोने, वसुधाने, जुनी भिंत अशीच वडी दाखवून रंगवून घेतली होती. गुरुनाथराव पडले कोल्हापूरचे. त्यांना रस्सा लाल लागे आणि रंगही झणझणीत.

"हा रंग की दवाखान्याचा पडदा?" ते चिडवायचे.

"असू दे. डोळे निवतात," ती म्हणायची.

तिला जाऊन आता दोन वर्षं झाली होती.

"बाबा, ऑफ-व्हाइट करून टाका ना," मिहीर फोनवर म्हणाला होता. "रीसेललाही बरं पडतं. तसंही कोण बघतंय?"

कोण बघतंय, हे खरंच होतं. तरी म्हातारा हट्टाला पेटला आणि नमुन्यासाठी स्वतःच वड्या करायला लागला. पहिल्या खेपेला हिरवा रंग टाकला, तर वडी पोपटी झाली. दुसऱ्या खेपेला खवा करपला. मग त्यांनी वसुधाची वही काढली. 'आच मंद. रंग अजिबात घालू नये,' तिने लिहून ठेवलं होतं. तिसऱ्यांदा वडी जमली.

भिंत रंगवायला दोन दिवस लागले. वाळल्यावर ते समोर उभे राहिले. हाच का तो रंग? त्यांना सांगता येईना. सात वर्षं ते त्या भिंतीकडे पाठ करून, टीव्हीकडे तोंड करून जेवले होते. भिंत बघायची ती वसुधा, समोरच्या खुर्चीतून. विचारायचं तर आता कोणाला? त्यांना फार एकटं वाटलं.

त्यांनी ताट वाढून घेतलं, टीव्ही बंद केला आणि पहिल्यांदाच वसुधाच्या खुर्चीत बसले. समोर फिकट हिरवी भिंत होती आणि तिच्यापुढे त्यांची स्वतःची रिकामी खुर्ची.