माग चालू केला तेव्हा

चौऱ्याऐंशीच्या दंगलीत नाशिकची एसटी धामणकर नाक्यावर अडकली आणि तिच्यातली सात-आठ माणसं जीव मुठीत धरून नारपोलीच्या बौद्धवाडीत शिरली. वाडीने कुणाला नाव विचारलं नाही की जात. पण पत्र्याची घरं काय आडोसा देणार? म्हणून वाडीतल्या सोमाने आपल्या शेठच्या यंत्रमागाच्या कारखान्याचं शटर उघडलं. शेठ पहिल्याच दिवशी गावाला पळाला होता. पळण्यात असले शेठ मोठे वस्ताद.

आत सोमाची बायको चंपा, वाडीतल्या बाया आणि ही पाहुणी मंडळी श्वास रोखून बसली. त्यांत पार्वती नावाची एक ओली बाळंतीण होती. भीतीने तिचं दूध आटलं आणि भर दुपारी तान्ह्याने टाहो फोडला.

सोमा उठला. "तबेल्यातून दूध घिऊन येतो."

"आवं, नका जाऊ. मानसं पिसाळल्यात भायेर."

"मग पोर उपाशी मारायचं? गेलो नि आलो. शटरवर थाप मारली का उघड."

तो गेला. चंपाने शटर खाली ओढलं.

थोड्या वेळाने गल्लीत आरडाओरडा उठला. एक टोळकं दारं ठोकत येत होतं आणि बाळ काही केल्या गप्प बसेना. एका प्रवाशाने घाबरून त्याचं तोंड दाबायला हात पुढे केला. चंपाने तो हात झिडकारला, धावत जाऊन मोटारचा खटका दाबला आणि माग चालू केला. गल्लीत दोन-तीन मालक शटर पाडून माग चालवतच होते. कमाईपुढे त्यांना दंगल काय नि मयत काय! या खडखडाटाचा कुणाला संशय येणार नव्हता. बाळाचं रडणं त्यात पार बुडालं.

चंपा परत येऊन शटरला टेकून बसली. नवऱ्याची थाप कानाला नाही तर निदान पाठीला कळेल, एवढीच तिची आशा. पण माग चालला की त्या कारखान्यात जमीनसुद्धा थरथरते. पाठीमागचं शटर हादरत होतं, हादरतच राहिलं. मध्येच तिला भलताच संशय आला. तिने उठायला हात टेकले, समोरच्या भेदरलेल्या माणसांकडे पाहिलं आणि पुन्हा बसली.

बऱ्याच वेळाने माग बंद झाला. गल्लीतून आता कसलाच आवाज येत नव्हता. बायांनी शटर उचललं.

सोमा शटरला लागूनच पडला होता. पोटात वार होता आणि हाताची बोटं ठोकून ठोकून सोलवटली होती.

शेजारची गुणाबाई चंपाला सावरायला धावली. चंपा रडली नाही.

"पाठीला लागत व्हतं गं," ती म्हणाली. "समदा येळ लागत व्हतं. मला वाटलं, माग हाय."