पोळ्यापासूनची दाढी

वडशाच्या स्टेशनात मालधक्क्याच्या आडोशाला राहणारा श्रावण त्या दिवशी सकाळीच डोमा न्हाव्याच्या मागे लागला. दुपारी नागभीडच्या गाडीनं त्याची थोरली बहीण रुखमाबाई नाटक पाहायला येणार होती. धानाच्या गिरणीत पोती उचलता उचलता त्याची पाठ गेली, काम सुटलं, आणि कामाबरोबर गिरणीनं दिलेली खोलीही सुटली. यातलं बहिणीला काहीच ठाऊक नव्हतं, आणि जीव गेला तरी ते तिला कळू द्यायचं नव्हतं.

डोमा गिऱ्हाइकं बसवायचा त्या निंबाखाली त्यानं श्रावणला बसवलं नाही. "तुले इथी बसवलं तं गिऱ्हाईक पळन. तिकडे मांगं चाल," म्हणाला. श्रावणनं ऐकून घेतलं. गरजवंताला अक्कल नसते म्हणतात, मान तरी कुठून असणार? दाढीच्या जटा झाल्या होत्या, त्या आधी उतरवल्या. कातरीनं मिशी एकीकडून जास्त गेली, मग दुसरीकडून, आणि शेवटी वैतागून डोमानं वस्तऱ्यानं ती साफच उडवली. नळावर अंग घासून श्रावणनं धुतलेला सदरा घातला. खोलीला चुना मारणं चालू आहे, मालकाकडे पाहुणे आहेत, अशा दोन-तीन थापा घोकून ठेवल्या.

गाडी आली. रुखमाबाई गाठोडं घेऊन उतरली, भावाचा बिनमिशीचा ओठ पाहिला आणि फलाटावरच मटकन बसली. तिच्या माहितीत बाप मेल्याशिवाय कोणी मिशी काढत नाही.

"बाबा गेले, अन् मले सांगतलं नाई?"

"बाबा बरे हायेत, बाई. गावी, थोरल्या भावाकडे हायेत."

"मंग मिशी काऊन काढली?"

मिशीची थाप त्यानं घोकलीच नव्हती. रुखमाबाई उठून जवळ आली. कपाळ उन्हानं करपलेलं आणि गाल-हनुवटी पांढरीफटक.

"किती महिन्याची होती दाढी?"

"पोळ्यापासूनची."

संक्रांत होऊन गेली होती. श्रावणला लाज वाटली, आणि खरं सांगायचं तर हायसंही वाटलं. खोटं बोलायचं त्राण आता त्याच्यात उरलं नव्हतं; पाठ, काम, खोली, सगळं त्यानं सांगून टाकलं.

"वापस गाडी कवा हाय?"

"तीन वाजता. पन नाटक?"

"राहू दे नाटक. माह्या घरी चाल."

बहिणीच्या सासरी राहायचं, तेही या अवतारात. "लोकं इचारतीन, कोन मेलं म्हनून," तो पुटपुटला.

"भावाचं घर गेलं म्हनीन," रुखमाबाई म्हणाली, आणि गाठोडं त्याच्या हाती न देता तिनं आपल्याच डोक्यावर घेतलं.