सराईत रखमाजी मयत

रखमाजी तेवीस वर्षं सराईत गुन्हेगार होता, आणि त्यातलं प्रत्यक्ष काम एका दुपारचं होतं.

ती दुपार अठ्ठ्याहत्तर सालच्या उन्हाळ्यातली. साखरा गावाच्या अलीकडं त्याची वाडी. शेजारी लग्न होतं, आणि माईकवाल्या पुनमचंदनं कर्णा बांधायला नेमकं रखमाजीच्या मेंढवाड्यावरचं लिंबाचं झाड निवडलं. खाली एक मेंढी व्यायला टेकलेली. कर्णा ओरडला की ती उठायची, थांबला की बसायची. असं चार तास चाललं. शेवटी रखमाजी झाडावर चढला, कर्णा सोडला आणि विहिरीत टाकला. मेंढी व्याली. पुनमचंदनं फिर्याद दिली. रखमाजीनं कोर्टात सांगितलं की चोरायचाच असता तर घरी नेला असता. कोर्टानं विचारलं, विहीर कोणाची. विहीर त्याचीच होती. एक महिना कैद लागली.

तो महिना संपला, पण यादी संपली नाही. ठाण्यात सराईतांची एक यादी असते. ती दर साली नवी करतात, म्हणजे जुनी समोर ठेवतात, कोऱ्या कागदाखाली कार्बन घालतात आणि उतरवून काढतात. यादीत तीस नावं होती. दर साली तीसच असायची. गणपती आले, शिमगा आला, निवडणूक आली की तिसांना बोलावणं यायचं. दिवसभर बाकड्यावर बसायचं, चांगलं वागेन असा कागद करून अंगठा द्यायचा आणि संध्याकाळी घरी यायचं. रखमाजी तर चांगलाच वागत होता, पण ते कागदावर यायला त्याला दर वेळी ठाण्यात जावं लागे.

सुरुवातीला त्याला राग यायचा. मग लाज वाटायची. पुढं पुढं नुसता कंटाळा उरला, आणि कंटाळ्याची म्हणून एक शिस्त असते. गणपती जवळ आले की त्याची बायको पंचफुलाबाई न सांगता दोन भाकरी जास्त थापायची. एक त्याला, एक गुलाबसिंग जमादाराला. जीपमध्ये डिझेल नसलं की निरोप यायचा आणि रखमाजी आपला आपण एसटीनं जाऊन अटकेत बसायचा. एकदा एसटी वाटेत बंद पडली, तेव्हा तो उशिराबद्दल माफी मागत ठाण्यात शिरला होता.

गुलाबसिंग जमादाराची पेन्शन तीन वर्षांवर आली होती आणि गुडघे आधीच रिटायर झाले होते. यादी उतरवायचं काम त्याचं. रखमाजीनं त्याला कितीदा तरी विचारलं होतं की माझं नाव निघत काहून न्हाई. त्यावर जमादाराचं एकच उत्तर ठरलेलं. नाव काढायला मूळ फाईल लागते. फाईल जुन्या जिल्ह्याच्या ऑफिसात होती. नव्याण्णव साली जिल्हा वेगळा झाला, तेव्हा तिकडचे म्हणाले पाठवली, इकडचे म्हणाले आली नाही. आता ती फाईल दोन जिल्ह्यांच्या मधी कुठंतरी असेल, आणि तिथं कुणाची हद्द लागत नाही.

इतपत रखमाजीनं सोसलं असतं. पण दोन हजार एक साली सीमाचं लग्न ठरवायचं होतं.

सीमा त्याची एकुलती एक पोरगी. तिची एक सोयरीक आधी मोडली होती. पाव्हणे घरात पोहे खात होते आणि पोरीचा बाप ठाण्याच्या बाकड्यावर बसला होता. पंचफुलाबाईनं सांगितलं, बाजारला गेलेत. पाव्हण्यातल्या एकानं येताना एसटीच्या खिडकीतून त्याला बाकड्यावर पाहिलं होतं. पोहे अर्धे टाकून माणसं उठली.

आता कुरुंद्याहून पिराजी आपल्या पोराला, रामला, घेऊन यायचा होता. दिवस ठरला गणपती बसायच्या आदला, मंगळवारचा. रामला तेवढीच सुटी होती. आणि त्याच मंगळवारी तिसांना ठाण्यात बोलावणं होतं. पिराजीनं निरोपात एकच गोष्ट सांगून पाठवली होती, पोरीचा बाप समोर पाहिजे, बाकी आमचं काही मागणं न्हाई.

रखमाजीनं जमादाराला विनवलं. जमादारानं साहेबांना विचारून पाहिलं. साहेब नवे होते. ते म्हणाले, एक सोडला तर तीसही सोडावे लागतील.

ह्याच सुमाराला ठाण्यात धम्मदीप आला. डोंगरकडा गावचा पोरगा, अपराधशास्त्रात एम. ए. करत होता. लघुप्रबंधासाठी त्याला तीस सराईत गुन्हेगारांच्या मुलाखती हव्या होत्या, एकेकाला सेहेचाळीस प्रश्न. त्याच्या सरांनी सांगितलं होतं, तिसाच्या खाली अभ्यास म्हणत नाहीत. नव्या साहेबांनी त्याला यादी दिली आणि वर एक काम लावलं: वाडीवाडीनं फिरतोच आहेस, तर कोण हजर, कोण परगावी आणि कोण मयत, तेवढं लिहून आण.

महिनाभर तो एम-एटी गाडीवर फिरला. तिसातले अकरा मेलेले निघाले. एक तर एकोणीसशे ब्याऐंशीतच मेला होता आणि तेव्हापासून दर साली चांगलं वागेन असा त्याचा कागद होत होता. त्याबद्दल विचारलं तेव्हा जमादार म्हणाला की त्याच्याबद्दल आजवर एक तक्रार न्हाई. आठजण परगावी, वीटभट्टीवर. उरलेल्यात चौघांनी त्याला पाहून पळ काढला. तेव्हा रखमाजीसारखा बाकड्यावर भाकरी सोडून बसलेला, बोलायला तयार असलेला सराईत म्हणजे त्या पोराच्या दृष्टीनं सोनं होतं.

श्रावणातल्या कावडीच्या बंदोबस्ताला रखमाजी बाकड्यावर होता, तिथंच मुलाखत झाली. गुन्ह्याआधी मनात काय विचार होते, असं पोरानं विचारलं. रखमाजीनं सांगितलं, मेंढी अडली होती. संगत कोणाची होती? मेंढ्यांची. घरात पूर्वी कोणी गुन्हा केला होता का? रखमाजीनं बराच विचार करून सांगितलं की आजोबा तमाशाला जायचे. धम्मदीप एकेक उत्तर लिहीत होता आणि त्याचा हात हळू होत चालला होता. गुन्हा किती वेळा केला, ह्या प्रश्नावर तो थांबला.

"मामा, एकदाच?"

"एकदाच. दुसऱ्यांदा करायला फुरसत कुठं दिली? दर वेळी मी हितंच असतो."

धम्मदीपनं यादी काढून पाहिली. रखमाजीच्या नावापुढं अठ्ठ्याहत्तरची एक चोरी, आणि मग तेवीस ओळी, सगळ्यांत एकच मजकूर: मागील यादीवरून. तो म्हणाला, पुस्तकाप्रमाणं तुम्ही सराईत होतच नाही. तीन गुन्हे तरी लागतात. रखमाजीला वाटलं, आपण कुठंतरी कमी पडलो. तो म्हणाला, मग आता काय करावं लागंल?

शेवटचा, सेहेचाळिसावा प्रश्न होता: समाजाकडून आपली काय अपेक्षा आहे?

"मंगळवारी घरी ऱ्हाऊ द्यावं."

पोरानं तसंच लिहिलं आणि मंगळवारी काय आहे ते विचारलं. रखमाजीनं पोहे, एसटीची खिडकी, कुरुंदा, सगळं सांगितलं. सांगता सांगता त्याची नजर पोराच्या कागदावर गेली. त्याला वाचता येत नव्हतं, पण तीन रकाने आहेत एवढं दिसत होतं. कोणत्या रकान्यात काय, ते त्यानं विचारून घेतलं.

"बापू," तो म्हणाला, "मला मेलेल्यांत घाल."

धम्मदीप म्हणाला की असं करता येत नाही. हा अभ्यास आहे, खोटं कसं लिहू? शिवाय तुम्ही गेलात तर माझ्या मोजणीत एक माणूस कमी पडतो, आणि सर तिसाच्या खाली वही हातात धरत नाहीत. रखमाजीनं मान डोलावली. अडचण त्याला पटली. यादीत तीस लागतात हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? त्यानं उरलेली अर्धी भाकरी पोराला दिली आणि तो विषय सोडला.

मंगळवार आला. रखमाजीनं ठाण्याला जायचं नाही असं काही ठरवलं नव्हतं. तो फक्त गेला नाही. न्हाऊन, स्वच्छ पटका बांधून अंगणात घोंगडीवर बसला आणि रस्त्याकडं बघत राहिला. पिराजी आणि राम अकराला आले. पिराजी बारीक, उंच, कमी बोलणारा माणूस. सीमानं चहा दिला. राम बशीत बघत होता आणि बशीतूनच सीमाकडं. पोहे आले. सगळं बराबर चाललं होतं.

तेवढ्यात धम्मदीपची एम-एटी अंगणात आली. मागं गुलाबसिंग जमादार, वर्दीत, काखेत फाईल.

पंचफुलाबाई दारातच खाली बसली. पिराजीच्या हातातली पोह्याची बशी तिथंच थांबली. रखमाजी उठला, पायात वहाणा सरकवल्या आणि भाकरीचं फडकं मागायला आत वळला. जमादार गाडीवरून उतरला, गुडघा दाबून धरला आणि कुणाकडंच न बघता म्हणाला की गणपतीच्या आधी मयतांचे पंचनामे पुरे करायचा हुकूम आहे. बारा मयत निघालेत, हे बारावं घर. दोन पंचांच्या सह्या लागतात, आणि पंच घरचे चालत न्हाईत.

रखमाजीनं धम्मदीपकडं पाहिलं. पोरगं गाडीची किक बघत होतं.

जमादार अंगणातल्या माणसांवर नजर फिरवत रखमाजीवर आला. तेवीस वर्षं ज्याच्या घरची भाकरी खाल्ली, त्या माणसाला त्यानं विचारलं, "तुमी कोण?"

रखमाजीनं पटका सारखा केला. आयुष्यात त्याला हा प्रश्न कुणी विचारला नव्हता, सगळ्यांना आधीच ठाऊक असायचं.

तेवढ्यात पिराजीनं बशी खाली ठेवली, हात धोतराला पुसले आणि कागद मागून घेतला. त्याला वाचता येत होतं, तेही मोठ्यानं. सराईत गुन्हेगार रखमाजी, राहणार अमुक, मयत. त्यानं कागद खाली केला आणि समोर उभ्या असलेल्या व्याह्याकडं, म्हणजे अजून न झालेल्या व्याह्याकडं, नीट पाहिलं. लिंबावर कावळे ओरडत होते. सीमाचा हात चौकटीवर होता, तो तसाच राहिला.

"काय केलं व्हतं यानं?" पिराजीनं जमादाराला विचारलं.

"कर्णा काढला व्हता लिंबावरचा. अठ्ठ्याहत्तर साली."

"आन मंग?"

"मंग काई न्हाई. बसून ऱ्हायचा."

पिराजीनं लिंबाकडं पाहिलं. त्याचं कुरुंद्यातलं घर मंडळाच्या मांडवाला लागून होतं, आणि उद्यापासून दहा दिवस त्याच्या खिडकीत दोन कर्णे तोंड घालून बसणार होते. तो म्हणाला,

"चांगला माणूस गेला म्हणायचा. पेन द्या."

त्यानं सही केली. दुसरी सही रामनं केली, बापानं कोपरानं ढोसल्यावर. अशा तऱ्हेनं त्या अंगणात दिवसाढवळ्या एका जमादारानं, एका अभ्यासकानं आणि दोन पाव्हण्यांनी मिळून खोटा पंचनामा केला, जो रखमाजीच्या कर्ण्यापेक्षा कितीतरी मोठा गुन्हा होता. लघुप्रबंधात त्याची नोंद नाही. सोयरीक मात्र तिथंच पक्की झाली, कारण एवढं झाल्यावर कुणालाच मागं हटता येत नव्हतं.

एकच रकाना राहिला होता. मयताची खबर कोणी दिली? जमादारानं पुन्हा रखमाजीकडं पाहिलं. ह्या वेळी तो तयार होता.

"भाऊ," तो म्हणाला. "लखमाजी."

चहा पुन्हा ठेवला. जाताना धम्मदीपनं पंचफुलाबाईला सांगितलं की आता माझ्या वहीत सहाच माणसं उरली, सर काय म्हणतात बघू. तिनं त्याला वाटेसाठी पोहे बांधून दिले.

वैशाखात सीमाचं लग्न झालं. माईक नव्हता. वाडीतल्या लोकांना मंगलाष्टकं ऐकू आली नाहीत, पण कुणी तक्रार केली नाही.

मग पुन्हा भादवा आला. रखमाजी मेंढ्यांना पाला टाकत होता तेव्हा जमादार बांधावरून लंगडत येताना दिसला. जीपला डिझेल नव्हतं. तो लिंबाखाली टेकला, पाणी प्याला आणि नवी यादी काढली. बारा मयत कमी झाल्यावर यादीत अठराच उरले होते. वरच्या ऑफिसानं विचारलं होतं की ह्या ठाण्याचं लक्ष कुठं आहे, बारा सराईत एकाएकी कसे घटले. साहेबांनी मयताच्या जागी मयताच्या घरचा एकेक घातला. नावं पंचनाम्यातून आयती मिळाली. कारणाच्या रकान्यात काय लिहावं ते कळेना, तेव्हा धम्मदीपनं ठाण्यात ठेवलेल्या वहीतून दोन शब्द घेतले.

"वाचा," रखमाजी म्हणाला.

"अनुक्रमांक बारा. लखमाजी, मयत सराईत रखमाजीचा भाऊ. कारण, घरचं वातावरण. मंगळवारी हजर ऱ्हायचं."

रखमाजी पाला टाकत राहिला. तेवीस वर्षं, एक मरण आणि एक लग्न इतकं होऊन मंगळवार जागच्या जागी होता. त्याला राग येतो का ते त्यानं जरा थांबून पाहिलं. आला नाही. घरातून भाकरी थापल्याचा आवाज यायला लागला होता, दोन जास्तीच्या.

"गुन्ह्याच्या रकान्यात काय हाय?" त्यानं विचारलं.

जमादारानं चष्मा वर केला.

"निरंक."

"म्हंजे?"

"म्हंजे काई न्हाई. तुमी काईच केलेलं न्हाई."

रखमाजीनं हातातला पाला खाली ठेवला आणि जमादाराच्या शेजारी लिंबाला टेकून बसला.

"तेवढं परत वाचा," तो म्हणाला.