पाडव्याची चावी

मुद्दा ४. वादीने पाडव्याच्या दिवशी दुकानाची चावी स्वतः प्रतिवादीच्या हातात दिली.

टीना वकिलांनी दाव्याच्या मसुद्यातला ‘स्वतः’ हा शब्द पुसला. मग थांबून सगळं वाक्यच पुसलं.

“काहून पुसलं, मॅडम?” सुखरामने विचारलं.

“कलम सहा आहे ना, त्यात ताबा तुमच्या संमतीशिवाय गेला पाहिजे. मालकी कोणाची, हे कोर्ट विचारतच नाही. तुम्ही दुकानात होते, कोर्टाच्या हुकमाशिवाय काढलं, एवढं पुरतं. पण चावी तुम्हीच नेऊन दिली म्हटलं, की समोरचा वकील म्हणेल, यांनी आपल्या मर्जीनं दुकान खाली केलं.”

“दरसाल देतो जी मी.”

मुद्दा ४, पुन्हा. दरवर्षी पाडव्याला वादी चावी मालकाच्या हातावर ठेवत असे. मालक तिला हळदकुंकू लावून लगेच परत देत. बावीस वर्षांत लेखी करार झाला नाही. हाच करार.

पौषात मालक वारले. पाडव्याला सुखराम अड्याळच्या त्यांच्या घरी गेला, तेव्हा चावी मुलाने, भुपेंद्रने घेतली. ‘बरं’ म्हणाला आणि खिशात टाकली. वर्षभराचं दुःख आहे घरात, कुंकू लावत नसतील, उद्या देतील, असं समजून सुखराम परतला. दुसऱ्या दिवशी दुकानाला दुसरंच कुलूप होतं. दुःखाच्या घरी भांडायला कसं जायचं, म्हणून तो महिनाभर गेलाच नाही. नंतर गेला, तर भुपेंद्र ‘पाहू’ म्हणत राहिला. ताबा गेल्यापासून सहा महिन्यांत दावा लावावा लागतो; ती मुदत संपायला आता अकरा दिवस होते.

मुद्दा ५. दुकानात रिवाइंडिंगचं यंत्र, तांब्याची तार आणि गिऱ्हाइकांच्या सात मोटरी अडकून आहेत.

त्यातली एक कैलाशची. तो रोज फोन करायचा.

“सुखरामभाऊ, माही मोटर कोणत्या गुन्ह्यात आत हाय थे तरी सांग. जमानत मी देतो.”

हे म्हणताना आधी तो हसायचा. धान निसवायला, लोंब्या धरायला लागून पाण्याची नड झाल्यापासून हसत नव्हता.

मुद्दा ६. ही रीत पाहिलेला साक्षीदार :

“कोणी आहे का?” टीना वकिलांनी विचारलं.

“मालकीणबाई. रत्नाकाकी. कुंकवाचं ताट त्याइच्याच हातात राहे.”

“मग त्यांना बोलवा. त्या बोलल्या, तर कुलूप उघडायचा हुकूम निकालाआधीच मागता येईल. नाही तर तुमचा शब्द आणि त्याचा शब्द.”

“त्याइच्याच पोराच्या विरोधात?”

टीना वकिलांनी कागद छापून त्याच्या हातात दिला. सहाव्या मुद्द्यापुढे जागा कोरी होती.

पवनीहून, वकिलांच्या ऑफिसातून, तो थेट अड्याळला मालकांच्या घरी आला. रत्नाबाई दाराबाहेरच्या सपरीत लाखोरीची डाळ निवडत बसल्या होत्या. मागे भिंतीला गुंडाळलेली गादी, खुंटीला औषधांची पिशवी, खिळ्याला छोटा आरसा.

“काकी, कोर्टात एकच गोष्ट सांगाची हाय. मालक पाडव्याले चाबी वापस देत होते का नाही, बस.”

“मले काही आठवत नाही, सुखराम.”

“ताट तुमच्याच हातात राहे.”

“ताट हातात असलं म्हणून ध्यान बी तिथंच रायते का?”

त्या खाली पाहूनच बोलत होत्या. सुखराम उठला.

“सहा महिन्याची मुदत हाय. अकरा दिवस उरले. म्हणून आलो.”

“बस थोडा. चाय दिली असती. पण भुपेंद्र अन् सून बाहेर गेले का आतल्या दाराले कुलूप लावून जातेत.”

सुखरामने दाराकडे पाहिलं. मग गादीकडे.

“कवापासून, काकी?”

“तेरवी झाली अन् थ्यानं घराचा कागद आणला. कोर्टकचेरी नोको म्हणून सही कर म्हणे. मंग माही गादी इकडं आली.” त्यांनी एक खडा उचलून अंगणात टाकला. “जबरदस्ती नाही केली हो थ्यानं. मीच केली सही, आपल्या हातानं.”

सुखराम पुन्हा खाली बसला.

“थे सहा महिने कवापासून धरतेत?” त्यांनी विचारलं. “बाहेर काढलं तवापासून, का आपल्याले समजलं तवापासून?”

“काढलं तवापासून.”

रत्नाबाईंनी बोटांच्या पेरांवर पौषापासून महिने मोजले. मध्येच थांबल्या. मोजलेली बोटं पदराला पुसली.

“माहे तं संपले,” त्या म्हणाल्या. “तुहे हायेत. लिव माह्यं नाव.”

सुखरामने खिशातून कागद काढला, गुडघ्यावर पसरला. पेनाचं टोपण काढलं. सहाव्या मुद्द्यापुढच्या कोऱ्या जागेवर पेन नेलं, पण टेकवलं नाही.

“काकी,” त्याने विचारलं, “जेवल्या का तुमी आज?”