साहेबांपुढची साक्ष

जातीच्या खोट्या दाखल्यांवर नोकऱ्या लाटणाऱ्यांचा गवगवा झाला, तेव्हा सरकारनं चोर शोधायचं सोडून अख्ख्या गावाचीच झडती घ्यायला काढली. प्रत्येक आदिवासी नोकरदाराचा दाखला तपासणीला गेला. त्यात रुपराव काटोलकर सापडला. सरकारी ऑफिसातला कारकून, जातीनं गोंड. बापानं नागपुरात आल्यावर तालुक्याच्या नावावरून आडनाव लावलं होतं, ते गोंडांचं वाटेना, आणि तेच साहेबलोकांच्या डोळ्यांत खुपलं. पण कोर्टाचा हुकूम होता, तपासणी पुरी होईस्तोवर कोणाच्या नोकरीला हात लावायचा नाही. त्या हुकमाच्या आडोशाला घर जेवत होतं.

शेवटी तपासणीच्या साहेबांपुढे तारीख लागली. घरातल्या वडीलधाऱ्यानं येऊन आपल्या चालीरीती सांगायच्या होत्या. बाप केव्हाच गेलेला. राहिली आई, तुळसाबाई.

नागपुरातल्या महाल भागात भाड्याच्या खोलीत आल्यापासून तुळसाबाईनं एकच ध्यास घेतला होता, आपल्याला कोणी जंगली म्हणू नये. शेजारणीचं बघून तिनं डब्यात तुळस लावली, चतुर्थ्या धरल्या. देवाला मोहाची दारू दाखवायची ती दार लावून. तिचा नवरा लमझना होता, म्हणजे सासऱ्याच्या शेतात वर्षानुवर्षं राबून त्यानं बायको मिळवली होती. ही गोष्ट तर तिनं गल्लीत कोणाच्या कानावर जाऊ दिली नव्हती.

"माय, जसं हाय तसं सांगजो वं," निघताना रुपराव म्हणाला.

"मले काय शिकवून राहिला गा? पोराची मान खाली जाईन असं बोलीन का मी?"

रुपरावला ऐकून बरं वाटलं. वाटायला नको होतं.

तपासणीच्या ऑफिसात त्याला बाहेर बसवलं आणि आईला एकटीला आत बोलावलं. साहेबांनी तिला खुर्ची दिली. जन्मात कुठल्या साहेबानं तिला खुर्ची दिली नव्हती. म्हातारी हरखून गेली.

"आजी, तुमच्यात लग्नं कशी होतात?"

"बामण येते, मंगलाष्टका होतेत. सारं रीतीनं."

"लमझना ठेवतात का?"

तुळसाबाईनं पदर सावरला. यांना हे कोणी सांगितलं?

"छे छे, साहेब! आमच्यात नाही तसलं. ते रानातले लोकं करतेत."

"देवाला नैवेद्य?"

"पुरणपोळी."

"माणूस गेल्यावर?"

नवऱ्याच्या अंगावर लोटलेली माती तिला अजून दिसत होती. तरी ती म्हणाली, "अग्नी देतो."

साहेब लिहीत गेले. तुळसाबाई मान ताठ करून बाहेर आली. "खुर्ची देल्ली मले," तिनं लेकाला सांगितलं आणि मग प्रश्न न् प्रश्न, उत्तर न् उत्तर सांगितलं.

रुपराव पायरीवर बसला. "माय, गोंड म्हणून तर नोकरी लागली वं मले. तुनं तर आपल्याले गोंड ठेवलंच नाही."

तेव्हा कुठे तिच्या डोक्यात प्रकाश पडला. दारावरच्या शिपायाला ढकलून ती पुन्हा आत शिरली आणि उभ्यानंच बोलत सुटली. मोहाची दारू, कोंबडा, कुळाचे सात देव. बापाच्या शेतात औत हाकणारा नवरा, आणि लग्नाआधी त्याला भाकर नेऊन देताना वाटणारी लाज. मेल्यावर त्याला पुरलं ती जागा. आयुष्यभर झाकलेलं सगळं तिनं परक्या माणसापुढे उघडं केलं. बोलता बोलता तिला रडू फुटलं, पण ती थांबली नाही.

साहेबांनी सगळं ऐकून घेतलं. माणूस वाईट नव्हता. पण दिवसभर असली पढवलेली माणसं ऐकून त्याचे कान किटले होते.

"आजी, बाहेर कोण भेटलं तुम्हाला?"

"माहा पोरगा."

"त्यानं सांगितलं हे बोलायला?"

"नाही साहेब, देवाशपथ! हे खरं हाय."

"मग मघाशी सांगितलं ते काय होतं?"

तुळसाबाईनं तोंड उघडलं, पण मघाशी आपल्याला लाज वाटली, एवढं साधं वाक्य काही केल्या तिच्या तोंडून निघेना. साहेबांनी पुढचं नाव पुकारायला सांगितलं. महिन्याभरात दाखला नामंजूर झाला, आणि त्याच आठवड्यात रुपरावला कामावरून काढलं.